बिनशाईचं बोट

सीएसएमटीहून सुटलेल्या बऱ्याच लोकलचा दम टिटवाळ्याला संपतो. कल्याण-डोंबिवली महापालिकेचाही दम तिथंच संपतो. टिटवाळ्यापर्यंत नगरसेवक, पुढे सरपंच. टिटवाळ्यापर्यंत प्रभाग, पुढे पाडे. आमची खडवली टिटवाळ्याच्या पुढचं स्थानक. महापालिका आमच्यापासून एका स्थानकावर आली आहे आणि गेली कित्येक वर्षं 'आलेच हं' म्हणत तिथंच उभी आहे.

तालुका मात्र कल्याण. त्यामुळे लग्नाच्या बायोडेटात आम्ही ठळक अक्षरांत 'कल्याण' लिहितो. मुलीकडची मंडळी बघायला निघतात, टिटवाळा मागे पडतो, खिडकीबाहेर भातखाचरं दिसायला लागतात, आणि मुलीची आई मुलीच्या बापाकडे बघायला लागते.

माझं घर खडवलीत, नोकरी कल्याणातल्या एका हार्डवेअरच्या दुकानात आणि बहीण डोंबिवलीत. म्हणजे संसार ग्रामपंचायतीत, पोट महापालिकेत आणि भाऊबीज पुढच्या प्रभागात. १५ जानेवारी २०२६ ला राज्यातल्या २९ महापालिकांसाठी मतदान झालं, त्यात आमची कल्याण-डोंबिवलीही होती. 'आमची' हे मी सवयीनं म्हणालो. तिथं मला मत नाही. पण लग्नात खरं लग्न दिसतं ते मांडवाच्या खांबाला टेकून बसलेल्या पाहुण्याला. नवऱ्याला मुंडावळ्यांतून काय दिसणार?

तसं या पालिकेला निवडणुकीची घाई कधीच नव्हती. ती जन्मली १ ऑक्टोबर १९८३ ला आणि पहिली निवडणूक झाली १९९५ मध्ये. पहिली बारा वर्षं प्रशासकाच्या मांडीवर गेली. पुढे दर पाच वर्षांनी शिस्तीत निवडणुका झाल्या. शेवटची १ नोव्हेंबर २०१५ ला. मग २०२० च्या नोव्हेंबरात मुदत संपली आणि पोर पुन्हा प्रशासकाच्या मांडीवर जाऊन बसलं. कधी करोना, कधी ओबीसी आरक्षण, कधी प्रभागरचना. अखेर सर्वोच्च न्यायालयानं ३१ जानेवारी २०२६ ही तारीख बजावली, तेव्हा कुठं घोडं गंगेत न्हालं.

या सगळ्यात हाल झाले ते 'भावी' मंडळींचे. २०२० साली आमच्या दुकानासमोरच्या खांबावर एका तरुणाचा फलक लागला होता, 'भावी नगरसेवक'. दर वाढदिवसाला फलक नवा, पण फोटो तोच. दरम्यान त्याचं लग्न झालं, दोन मुलं झाली, कपाळ मागे सरकत सरकत टाळूला भिडलं. गेल्या वर्षी तो फलकाखाली चहा पीत उभा असताना एक म्हातारे गृहस्थ फोटोकडे बोट दाखवून त्याला म्हणाले, "मुलगा अगदी तुमच्यावर गेलाय हो!" यंदा त्याला तिकीट मिळालं नाही. आमच्या शेठच्या मते मराठीत साधा भविष्यकाळ असतो, तसा हा चालू भविष्यकाळ.

आणि पालिकेत असणं-नसणं ही तरी काय ठाम गोष्ट आहे? कल्याण-शिळ रस्त्याच्या बाजूची ती २७ गावं बघा. १९८३ मध्ये पालिकेत आली. २००२ मध्ये बाहेर पडली. २०१५ मध्ये पुन्हा आत. २०२० मध्ये त्यातली १८ गावं सरकारनं बाहेर काढली, वर्ष संपायच्या आत उच्च न्यायालयानं तो निर्णय रद्द केला आणि गावं परत आत. इतक्या वेळा तर नवी सूनही रुसून माहेरी जात नाही. आमचं तसं नाही. आम्हाला अजून कुणी मागणीच घातलेली नाही.

तिकीटवाटपाचे दिवस मी दुकानाच्या गल्ल्यावर बसून पाहिले. एरवी आमच्याकडे खिळे, बिजागऱ्या आणि कड्या खपतात. त्या आठवड्यात कुलपं फार खपली. एक कार्यकर्ता एकदम चार घेऊन गेला. एबी फॉर्म कुठं ठेवायचा हा प्रश्न होता म्हणे. एबी फॉर्म म्हणजे पक्षाचा अधिकृत उमेदवार कोण हे सांगणारा कागद. तो ज्याच्या हातात तो राजा, आणि हातातून गेला की अपक्ष. पुण्यात एका इच्छुकानं दुसऱ्याचा एबी फॉर्म हिसकावून चक्क गिळल्याची बातमी आली, तेव्हा शेठनं वर्तमानपत्र खाली ठेवलं आणि म्हणाले, "कुलूप पोटाला लावायला पाहिजे होतं."

कल्याण-डोंबिवलीत तर मजा आणखी वेगळी. एकूण जागा १२२, प्रभाग ३१. त्यातले २९ प्रभाग चार-चार जागांचे, दोन प्रभाग तीन-तीनचे. पण माघारीचा दिवस उजाडला आणि एकेक उमेदवार माघार घ्यायला निघाला. सकाळी गळ्यात हार घालून प्रचार करणारा दुपारी 'प्रकृतीच्या कारणास्तव' घरी बसला. वीसेक जागा मतदानाआधीच बिनविरोध झाल्या. माझ्या दुकानातला सहकारी ज्या प्रभागात राहतो तिथल्याही त्यात होत्या. तो वैतागून म्हणाला, "दहा वर्षांनी थाळी जेवायला बसलो. चार भाज्यांची थाळी, आणि ताट येईपर्यंत दोन भाज्या कुणीतरी खाऊन गेलेला!"

आता तुम्ही म्हणाल, यात खडवलीचं काय? सांगतो. मत सोडून सगळं खडवलीचंच होतं.

आमच्या शेजारी मावशी राहतात. त्यांचा धाकटा मुलगा एरवी मिळेल ते काम करतो. डिसेंबर-जानेवारीत त्याला रोजचं काम लागलं. सकाळच्या लोकलनं दहा-बारा पोरं घेऊन कल्याणला जायचं, रॅलीत चालायचं, संध्याकाळी परत. माणशी पाचशे, दोन वडापाव आणि टोपी. टोपी परत करायची नाही. "मावशी, पोरगा कुठल्या पक्षात गेला?" असं मी विचारलं तर मावशी म्हणाल्या, "सकाळचं सांगू का दुपारनंतरचं?"

पोराच्या पाठीवरच्या एकाच सॅकमध्ये तीन उपरणी असायची. आंबिवलीपर्यंत एक, शहाडला दुसरं, कल्याणला उतरल्यावर ज्याचा फोन आधी येईल त्याचं. घोषणाही त्यानं शिकून घेतल्या होत्या. नेत्याचं नाव बदललं की पुढचं 'आगे बढो' तेच राहतं, हे त्याच्या पहिल्याच दिवशी लक्षात आलं. मुलूख मराठीचा, अभिमान मराठीचा आणि 'आगे बढो' हिंदीत, याचं मात्र त्याला कोडं पडलं होतं. एकदा गडबडीत त्यानं एका पक्षाच्या रॅलीत दुसऱ्याच नेत्याचा जयजयकार केला. कुणाच्या लक्षात आलं नाही. उमेदवारही त्या पक्षातून आठच दिवसांपूर्वी आलेला होता. जुन्या सवयीनं त्यानंही 'विजय असो' म्हटलं.

रात्री ती तिन्ही उपरणी मावशींच्या अंगणात दोरीवर वाळत पडायची. मी रोज सकाळी दात घासताना ती बघत असे. भगवं एका टोकाला, दुसरं दुसऱ्या टोकाला, मधे तिसरं, मावशींचं जुनेर आणि नातवाचे लंगोट. मावशी ती वेगवेगळ्या बादल्यांत धुवायच्या. मी विचारलं तर म्हणाल्या, "नवीन कापड आहे रे. एकत्र भिजवलं तर रंग लागतो एकमेकांचा. मग पोराला कुणी उभं करील का?" महाराष्ट्राच्या राजकारणावरचे अग्रलेख मी बरेच वाचलेत. बादल्या वेगळ्या ठेवण्याचं हे तत्त्व त्यांतल्या कुणी मांडलेलं मला आठवत नाही.

दुसरा संबंध नदीचा. भातसा आमच्या उशापायथ्यानं वाहते. वर शहापूरकडे तिच्यावर धरण, खाली पिसे इथं बंधारा. तिथून पाणी उचलून मुंबईला जातं आणि मुंबईच्या रोजच्या पाण्यातलं जवळपास निम्मं या भातसेचं असतं. मधल्या जागेत, म्हणजे आमच्याकडे, कल्याण-डोंबिवलीकर येऊन डुंबतात. एकाच नदीवर मुंबई पिते, कल्याण पोहतं आणि खडवली बघत बसते.

निवडणुकीच्या दिवसांत तर नदीकाठच्या फार्महाउसांना उसंत नव्हती. रात्री नऊनंतर टेंपो ट्रॅव्हलर यायच्या, प्रचार करून थकलेले कार्यकर्ते उतरायचे आणि 'चिंतन बैठक' सुरू व्हायची. चिंतनासाठी चुलीवरचं मटण, तांदळाच्या भाकऱ्या आणि पाण्याच्या बाटल्या लागत. पाण्याच्या बाटल्या असतात हे मी त्यांच्या आकारावरून सांगतो, रंगावरून नव्हे. इकडेच का येतात? कारण साधं आहे. नजर ठेवणारी पथकं तिकडे नाक्यानाक्यावर उभी. आयोगाचं लक्ष टिटवाळ्यापर्यंत, भूक पुढच्या स्थानकापर्यंत.

आमच्या ओळखीच्या एका फार्महाउसवाल्याचा तर अंदाज असा की, कोण निवडून येणार हे हाडांवरून कळतं. ज्याच्या बैठकीनंतर ताटात नुसती हाडं उरतात, त्याची पोरं जीव तोडून काम करतायत. ज्याच्या ताटात मटण उरतं, त्याचे कार्यकर्ते आधी दुसरीकडे जेवून आलेले असतात. टीव्हीवरच्या एक्झिट पोलपेक्षा याचा आधार निश्चित भक्कम, असं मला तेव्हा वाटलं.

प्रचार थांबला १३ तारखेला संध्याकाळी. मतदान १५ ला. मधला दिवस संक्रांतीचा. आयोगाला हा मुहूर्त कुणी काढून दिला माहीत नाही, पण ज्या दिवशी उमेदवारानं बोलायचं नाही, त्याच दिवशी सगळा महाराष्ट्र एकमेकांना 'गोड बोला' म्हणत होता. मी तिळगूळ द्यायला बहिणीकडे डोंबिवलीला गेलो. संक्रांतीला वाण म्हणून कुठं काय वाटलं, याचीच जिन्यात चर्चा होती. समोरच्या काकूंकडे स्टीलचे तीन डबे एकात एक बसणारे होते. "तीन पक्षांचे," त्या म्हणाल्या. "पण बसतात बरोबर."

भावोजी मात्र खिन्न होते. मतदारयादीत त्यांच्या नावापुढे दोन तारे छापून आले होते. ज्यांची नावं दोन ठिकाणी असल्याचा संशय, त्या संभाव्य दुबार मतदारांपुढे यंदा ही खूण होती आणि मत द्यायचं तर हमीपत्र लिहून द्यायचं होतं. भावोजी सरकारी नोकरीतून कारकून म्हणूनच निवृत्त झालेले. "एकतीस वर्षांत खात्यानं एक तारा दिला नाही," ते म्हणाले, "आणि आयोगानं फुकटात दोन दिले." ताई म्हणाली, "घरी एकदा दिसत नाहीत, यादीत दोनदा!"

मतदानाच्या दिवशीची खरी कथा त्यांच्या आत्याची. वय ब्याऐंशी. आजवर प्रत्येक निवडणुकीत एक बटण, एक शिट्टी, की बाहेर. यंदा चार जागांचा प्रभाग. अ जागेची मतपत्रिका पांढरी, ब ची फिकट गुलाबी, क ची फिकट पिवळी, ड ची फिकट निळी. चारही जागांना मत दिल्याशिवाय यंत्र शेवटची लांब शिट्टी देत नाही. आत्यांनी पांढऱ्यावर एक बटण दाबलं आणि नमस्कार करून निघाल्या. आतून अधिकारी ओरडले, "आजी, अजून तीन राहिली!"

"तीन तुम्हीच द्या," आत्या म्हणाल्या, "माझे गुडघे दुखतात."

त्यांना परत आत नेलं. बराच वेळ शिट्टी वाजेना. बाहेर रांग खोळंबली. शेवटी शिट्टी वाजली आणि आत्या विजयी मुद्रेनं बाहेर आल्या. भावोजींनी हळूच विचारलं, कुणाला दिलं? "कुणाला म्हणजे?" आत्या म्हणाल्या. "पहिल्याला पहिलं, दुसऱ्याला दुसरं, तिसऱ्याला तिसरं, चौथ्याला चौथं. एका घरात चार पोरं असली तर एकालाच लाडू देतं का कुणी?"

हे सगळं मला नंतर फोनवर कळलं. कारण मतदानाची सुट्टी होती आणि मी खडवलीत होतो. सुट्टी दुकानालाही होती, म्हणजे मत नसलेल्यालाही. सकाळी टीव्ही लावला. मतदान संथ, दुपारी वेग येईल, असं निवेदिका सांगत होती. अकरा वाजता बाहेर गलका ऐकू आला म्हणून बघितलं, तर वेग आमच्याकडे आला होता. कसारा लोकल भरून माणसं उतरत होती. हातात चटया, डबे, बॅट, स्पीकर. थेट नदीकडे. ज्यांना मत आहे ते सगळे भातसेत पाय सोडून बसले, आणि ज्यांना मत नाही ते आम्ही टीव्हीपुढे मतदानाची टक्केवारी मोजत बसलो. त्या दिवशी कल्याण-डोंबिवलीत मतदान निम्म्याच्या जरासं वर गेलं. उरलेल्यांचा पत्ता आयोगाला हवा असेल तर मी देऊ शकतो.

दुपारी मीही नदीवर गेलो. काठावर चहाची टपरी आहे. टपरीवाल्यानं खोक्याच्या पुठ्ठ्यावर कोळशानं लिहून ठेवलं होतं, 'बोटाला शाई असेल तर चहा ५ रुपये कमी'. लोकशाहीबद्दल त्याला एवढी कळकळ कुठून आली, म्हणून मी विचारलं. तो म्हणाला, "कळकळ कसली? सकाळपासून दोनशे कप गेले. कमी फक्त तिघांनाच करावे लागले."

तेवढ्यात एक जाडजूड गृहस्थ ओल्या चड्डीनिशी आले आणि बोट पुढे केलं. "सात कप. शाई बघा." नखाजवळ काळी रेघ होती. मागोमाग त्यांची बायको, मेहुणी, दोन भाऊ, सगळ्यांची बोटं एका रांगेत पुढे. सगळ्यांच्या रेघा टवटवीत. टपरीवाला पैसे कमी करणारच होता, इतक्यात शेपटाला उभी असलेली सात वर्षांची पोर पुढे आली आणि तिनंही बोट दाखवलं. तिच्याही नखाला रेघ होती.

"बाळ, तूसुद्धा मत दिलंस?"

"नाही," ती म्हणाली. "पप्पांनी माझ्या कंपासमधल्या मार्करनं सगळ्यांना केलं."

गृहस्थ अजिबात ओशाळले नाहीत. "अहो, तिकडेही मार्करच आहे," ते म्हणाले. आणि त्यांचं चूक नव्हतं. शाईच्या बाटलीऐवजी मार्कर पेनानं बोटं रंगवली होती आणि ती खूण नेलपॉलिश रिमूव्हरनं जाते की नाही, यावर दिवसभर सगळ्या वाहिन्यांवर बोटं घासण्याचे प्रयोग चालले होते. टपरीवाल्यानं क्षणभर विचार केला आणि फक्त त्या पोरीला बिस्किटाचा पुडा फुकट दिला. "सगळ्यांत एक हीच खरं बोलली," म्हणाला.

निकाल दुसऱ्या दिवशी, १६ ला. शिंद्यांची शिवसेना ५३, भाजप ५०, आणि बहुमताला हवेत ६२. रात्री नदीकाठी गुलालाच्या गाड्या आल्या. त्यांच्या पाठोपाठ पडलेल्यांच्या गाड्या आल्या, आत्मपरीक्षणाला. शेजारशेजारच्या दोन फार्महाउसांत एकीकडे विजयोत्सव आणि दुसरीकडे आत्मपरीक्षण चाललं होतं. गाणी दोन्हीकडे तीच होती. मध्यरात्रीनंतर कुंपण ओलांडून पडलेला विजयी माणसाकडे गेला की विजयी पडलेल्याकडे, यावर आमच्या गावात अजून एकमत नाही.

फार्महाउसवाल्याला वाटलं होतं, आता खरा हंगाम. नगरसेवक फुटू नयेत म्हणून कुठंतरी नेऊन ठेवतात, मग खडवली काय वाईट? पण तिकडे मुंबईत निवडून आलेल्यांना वांद्र्याच्या पंचतारांकित हॉटेलात ठेवल्याची बातमी आली आणि तो खट्टू झाला. "आपल्याकडं एसी नाही ना," तो म्हणाला. मग थोड्या वेळानं, "पण पळून जायलाही गाडी तासाभरानं आहे. हे त्यांच्या लक्षात कसं येत नाही?"

पुढच्या आठवड्यात तर गंमतच झाली. एकमेकांविरुद्ध लढलेल्यांपैकी मनसेनं पालिकेत शिंद्यांच्या शिवसेनेला पाठिंबा दिला. निवडणुकीत मनसे होती ठाकऱ्यांच्या शिवसेनेबरोबर. टीव्हीवर एक जण ही युती समजावून सांगत होता आणि दुसरा त्यामागची आघाडी. मी टीव्ही बंद केला. २२ जानेवारीला महापौरपदाची सोडत निघाली आणि चिठ्ठी आली अनुसूचित जमातीसाठी. पाच वर्षं ज्यांनी ज्यांनी आरशासमोर महापौराचा झगा घालून पाहिला होता, त्यातल्या बहुतेकांचा झगा एका चिठ्ठीनं खुंटीवर गेला.

ग्रामपंचायतीच्या निवडणुकीवर मी असं लिहीन का, असं मला आमच्या एका मास्तरांनी विचारलं. नाही लिहिणार. तिथं भावकी असते. विनोद करायला महापालिकाच बरी. शिवाय जिल्हा परिषदेसाठी आम्ही तोवर शेवटचं मत दिलं होतं डिसेंबर २०१७ मध्ये, त्यामुळे या बोटाला त्या शाईचा वास कसा असतो तेही आठवेनासं झालं होतं.

त्या रविवारी सकाळी दात घासत मी अंगणात आलो, तर मावशींच्या दोरीवर काहीच नव्हतं. बघतो तर मावशी नदीकडे निघाल्या होत्या. काखेत एकच बादली आणि तीत तिन्ही उपरणी, एकाच पाण्यात रात्रभर भिजलेली. भगव्याला हिरवट झाक आलेली, पांढऱ्याला गुलाबी, आणि तिसऱ्याचा मूळ रंग कोणता होता तेच आठवत नव्हतं.

"मावशी, एकत्र भिजवलीत? रंग लागला की!"

"आता कशाला तीन-तीन बादल्या भरू?" मावशी म्हणाल्या. "तिकडं सगळे एकत्रच भिजलेत ना?"

त्यांनी घाटावर ती खसाखसा धुतली. रंगीत पाणी जरा वेळ दगडापाशी घोटाळलं आणि मग प्रवाहाला लागलं. खाली पिसे, तिथून मुंबई. तिकडच्या महापौराचं तेव्हा अजून ठरायचं होतं.